रहामीम : कुशीतून आलेलं एक नाव



मागच्या महिन्यात एका गटाच्या बैठकीला गेले होते. हप्ते गोळा झाले, वहीवर सह्या झाल्या, चहा आला. बायका उठायला लागल्या तरी एक ताई बसूनच राहिली. मी विचारलं, काय झालं? तिनं गटाच्या कर्जाचा हप्ता भरायला बोकड विकला होता. तो बोकड तिच्या नऊ वर्षांच्या मुलानं वाढवलेला. गिऱ्हाईक दोरी धरून बोकड घेऊन गेलं तसा पोरगा जो रडायला लागला, तो संध्याकाळपर्यंत जेवला नाही. घरातले पुरुष हसले. "बायल्या आहे तुझा पोरगा," म्हणाले. ती मला म्हणाली, "ताई, पोटच्या पोराला दगड कसं करायचं? आणि नाही केलं, तर बाहेर कसा टिकायचा तो?"

मला त्या वेळी नीट उत्तर देता आलं नाही. "मोठा झाला की होईल सगळं," असं काहीतरी बोलून मी निघाले. पण घरी आल्यावर एक नाव आठवलं. आज त्या नावाबद्दलच सांगणार आहे. मुलाचं नाव आहे. आपल्या पंचक्रोशीत ते तुम्ही ऐकलं नसेल. ते हिब्रू भाषेतलं आहे, म्हणजे यहुदी लोकांच्या जुन्या धर्मभाषेतलं. नाव आहे 'रहामीम'.

मी हे नाव पहिल्यांदा ऐकलं ते अलिबागकडच्या एका आजींच्या तोंडून. त्या बेने इस्राएल समाजाच्या. कोकणातले हे यहुदी लोक घरात मराठी बोलतात, त्यांच्या बायका लुगडी नेसत आल्या. आजी म्हणाल्या, "माझ्या पणज्याला गावात सगळे रामाजी म्हणत. मशिदीत मात्र त्याचं नाव रहामीम." मला नवल वाटलं. रामाजी आणि रहामीम एकाच माणसाची नावं कशी? म्हणून मी जमेल तसं वाचत गेले, विचारत गेले. जे कळलं ते आज तुमच्यापुढे ठेवते.

आधी शब्द कसा तयार झाला ते बघू. हिब्रू भाषेत बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या मुळावर उभे असतात. तीन अक्षरं तीच ठेवायची, मधले स्वर बदलायचे, पुढेमागे काही जोडायचं, की नवे शब्द होतात. अरबीचंही असंच आहे, कारण दोन्ही भाषा एकाच कुळातल्या. 'क-त-ब' ही तीन अक्षरं घ्या. त्यांत लिहिण्याचा अर्थ आहे. आपण बोलतो तो 'किताब' शब्द त्याच मुळातून अरबीमार्गे आपल्याकडे आला. यहुदी लग्नात नवरीला जो लेखी करार देतात, त्याला 'कतुबा' म्हणतात. तोही त्याच मुळाचा.

तसंच 'र-ह-म' हे मूळ. यातला 'ह' घशातून घासून येतो, म्हणून काही ठिकाणी हे नाव 'रखामीम' असंही ऐकू येतं. या मुळाचा एक शब्द आहे 'रेहेम'. रेहेम म्हणजे गर्भाशय, कूस, बाईची पिशवी. आजही इस्राएलमधल्या दवाखान्यात बाईच्या पिशवीला हाच शब्द वापरतात. आणि त्याच तीन अक्षरांचा दुसरा शब्द 'रहामीम'. त्याचा अर्थ दया, माया, कळवळा.

म्हणजे त्या भाषेत दयेचा शब्द आणि कुशीचा शब्द सख्खी भावंडं आहेत. ज्याला कुणाची दया येते, त्याच्या आत कूस हलते, असं ती भाषाच सांगते. आणि हे नाव त्यांनी ठेवलं कुणाचं? मुलाचं. पुरुषाचं.

हे आपल्याला फार परकं वाटायला नको. आपली मराठी काय म्हणते बघा. परक्याचं दुःख बघून आपल्या 'पोटात कालवतं'. लेकरू तापानं फणफणलं की 'आतडं तुटतं'. जवळच्या माणसाला आपण 'आतड्याचं माणूस' म्हणतो. सख्ख्या भावाला पुस्तकी भाषेत 'सहोदर' म्हणतात, म्हणजे एकाच उदरातून आलेला. मायेची जागा आपण डोक्यात ठेवली नाही, पोटात ठेवली. हिब्रूनं आणखी एक पाऊल पुढे टाकलं आणि पोटातली नेमकी जागाच सांगितली.

आणखी एक गंमत. रहामीम हे रूप अनेकवचनी आहे. हिब्रूत शेवटी 'ईम' लागलं की बहुधा अनेकवचन होतं. एक दया नाही, पुष्कळ दया. आपणही 'प्राण' अनेकवचनातच बोलतो ना? 'प्राण गेला' म्हणण्यापेक्षा 'प्राण गेले' म्हणतो. हिब्रूत आयुष्याला 'हायीम' म्हणतात आणि पाण्याला 'मायीम'. तीही रूपं अशीच. जी गोष्ट मोजून देता येत नाही, वाहत असते, तिला जणू त्यांनी एकवचनात बसवलंच नाही. 'हायीम' हेही मुलाचं नाव ठेवतात, आणि ते खूप ठिकाणी आढळतं. 'रहामीम' त्या मानानं कमी आढळतं.

आता हा शब्द यहुदी धर्मग्रंथात कुठे येतो ते सांगते. त्यातल्या दोन जागा आपल्या कामाच्या आहेत.

पहिली गोष्ट तुमच्यातल्या काहींना ठाऊक असेल. शलमोन राजाच्या दरबारात दोन बाया आल्या. दोघी एकाच घरात राहत होत्या. तीन दिवसांच्या अंतरानं दोघी बाळंत झाल्या. एकीचं बाळ रात्रीतून गेलं. जिवंत बाळ माझंच, असं दोघी सांगू लागल्या. साक्षीदार कुणी नाही. राजानं तलवार मागवली आणि सांगितलं, बाळाचे दोन तुकडे करा, अर्धा हिला द्या, अर्धा तिला. एक बाई म्हणाली, करा तुकडे. दुसरी कळवळून ओरडली, तिलाच द्या, पण मारू नका. राजानं ओळखलं, हीच आई. तर त्या आईच्या आत जे पेटून उठलं, त्यासाठी मूळ हिब्रू गोष्टीत शब्द आहे तो हाच. रहामीम. आपला हक्क सोडून द्यावा लागला तरी चालेल, पण लेकरू जगू दे. पुरावा कुणाकडेच नव्हता. राजासाठी तो कळवळाच पुरावा ठरला.

ही बाईची गोष्ट झाली. दुसरी गोष्ट पुरुषाची आहे, आणि माझ्या ताईला मला खरं तर हीच सांगायची होती.

योसेफ नावाचा मुलगा. त्याच्या सावत्र भावांनी हेव्यापोटी त्याला व्यापाऱ्यांना विकलं. तो मिसर देशात, म्हणजे आजच्या इजिप्तमध्ये गुलाम म्हणून पोचला. तुरुंगातही राहिला. पण हुशारीनं वर चढत गेला आणि राजाच्या खालोखाल मोठा अधिकारी झाला. पुढे दुष्काळ पडला. धान्याच्या कोठारांची व्यवस्था त्याच्या हाती. तेच भाऊ धान्य मागायला आले. त्यांनी त्याला ओळखलं नाही, यानं त्यांना ओळखलं. दुसऱ्या खेपेला त्यांच्याबरोबर धाकटा बन्यामीन आला. योसेफ आणि बन्यामीन एका आईचे, राहेलचे. बन्यामीनला जन्म देतानाच ती गेली होती. आपल्याच आईच्या कुशीतला हा भाऊ समोर बघून त्या एवढ्या मोठ्या अधिकाऱ्याच्या आत रहामीम उसळले. त्याला आवरेना. तो घाईनं आतल्या खोलीत गेला, रडला, तोंड धुतलं, मग बाहेर येऊन म्हणाला, जेवण वाढा.

बघा, अख्ख्या देशाची कोठारं सांभाळणारा हा माणूस. कच्चा नव्हता. दुष्काळाची सात वर्षं त्यानं लोक जगवले. आणि त्याच्या रडण्याला त्या ग्रंथानं जो शब्द दिला, तो कुशीवरून आलेला दिला. त्याला कुणी बायल्या म्हटलं नाही. तिथल्याच एका स्तोत्रात, बाप जशी लेकरांची माया करतो तसा देव करतो, असा अर्थ येतो. तिथे बापाच्या मायेलाही याच मुळाचं क्रियापद आहे. म्हणजे कूस बाईला असते, पण कुशीची माया पुरुषालाही असते, असं ती भाषा मानते.

म्हणून ही देवाचीही खूण ठरली. यहुदी लोक देवाकडे दोन बाजू मानतात. एक न्यायाची, तिला 'दीन' म्हणतात. दुसरी दयेची, ती रहामीम. त्यांचं नवं वर्ष आपल्या भाद्रपद-आश्विनाच्या सुमारास येतं. त्या दिवसांत देव प्रत्येकाच्या कर्माचा हिशेब करतो, अशी श्रद्धा आहे. एडक्याचं शिंग फुंकतात. त्या आवाजानं देव न्यायाच्या आसनावरून उठतो आणि दयेच्या आसनावर बसतो, असं त्यांचे जुने पंडित सांगत. न्याय नको असं ते म्हणत नाहीत. नुसत्या न्यायावर जग टिकणार नाही, एवढंच म्हणतात. आपण बायका गटात काही वेगळं करतो का? हप्ता चुकला की दंड हा नियम. पण कुणाचं घर पावसात पडलं, कुणाचा नवरा गेला, तर आपण वही बाजूला ठेवून आधी तिच्या घरी जातो. दोन्ही लागतं.

या मुळाची आणखी भावंडं तुमच्या अगदी कानावरची आहेत. 'रहम करा' म्हणतो ना आपण? तो रहम अरबीतला, त्याच तीन अक्षरांचा. रहीम आणि रहमान ही नावंही तीच. मुसलमान लोक काम सुरू करताना देवाचं नाव घेतात, त्यात ही दोन विशेषणं येतात. कुराणाच्या एकशे चौदा अध्यायांपैकी एक सोडून सगळे अध्याय त्यांनीच सुरू होतात. आणि अरबीतही कुशीला याच मुळाचा शब्द आहे. म्हणजे तुमच्या शेजारचा रहीमभाई आणि अलिबागच्या आजींचा पणजोबा रहामीम हे नावानं चुलतभाऊच.

आता हे नाव कोण ठेवतं? बगदाद, इराण, कुर्दिस्तान, येमेन, तुर्कस्तान, उत्तर आफ्रिका इकडच्या यहुदी घरांत ते ठेवत आले. युरोपातल्या यहुद्यांत ते कमी. १९४८ साली इस्राएल देश झाला आणि या सगळ्या मुलखांतून लोक तिकडे गेले, त्यांच्याबरोबर नावही गेलं. आज तिकडे ते जुन्या वळणाचं वाटतं, आजोबांच्या पिढीचं. आपल्याकडे पांडुरंग, धोंडीबा आता पाळण्यात कमी ऐकू येतात, तसंच.

नाव दयेचं म्हणून माणूस तसाच निघतो असं काही नाही, हेही सांगून टाकते. जेरुसलेमच्या नगरपालिकेत रहामीम कलांतर नावाचे एक नगरसेवक होते. १९५६ साली ते आपला पक्ष सोडून पदासाठी दुसऱ्या बाजूला गेले. तेव्हापासून तिकडे पक्ष बदलण्याला त्यांच्या आडनावावरून 'कलांतरिझम' म्हणतात. आपल्याकडे 'आयाराम गयाराम' म्हणतात, तसंच ते. नाव ठेवणं आईबापाच्या हाती, पुढचं ज्याचं त्यानं बघायचं.

यहुदी मुलाचं नाव ठेवतात ते जन्मानंतर आठव्या दिवशी, सुंतेच्या वेळी. आपल्याकडे बारशाला आत्या कानात कुर्र करून नाव सांगते, तिथे जमलेल्या मंडळींसमोर नाव मोठ्यानं उच्चारतात. धार्मिक कामात माणसाला बापाच्या नावानं पुकारतात, म्हणजे 'अमक्याचा मुलगा तमका'. पण एक वेळ अशी येते, की तेव्हा बापाचं नाव बाजूला राहतं. माणूस आजारी पडला आणि त्याच्यासाठी देवाकडे प्रार्थना करायची असली, की त्याला आईच्या नावानं पुकारतात. 'अमकीचा मुलगा तमका' असं. देवाकडे दया मागायची वेळ आली की कुशीची ओळख सांगायची. मला ही रीत कळली तेव्हा अंगावर काटा आला. आपण सरकारी कागदावर आईचं नाव लावण्याबद्दल बोलतो. इथे दुखण्याखुपण्याच्या प्रार्थनेत आईचं नाव पिढ्यान्‌पिढ्या चालत आलं आहे.

आता येऊ कोकणात, आजींच्या पणजोबांकडे.

बेने इस्राएल म्हणजे इस्राएलची लेकरं. त्यांची परंपरागत कथा अशी, की फार पूर्वी त्यांच्या पूर्वजांचं गलबत अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यापाशी फुटलं. सात पुरुष आणि सात बायका वाचल्या. त्यांच्यापासून हा समाज वाढला. जवळ ग्रंथ नव्हते, पण शनिवारी काम करायचं नाही हे त्यांनी धरून ठेवलं. पुष्कळांचा धंदा तेलाच्या घाण्याचा. शनिवारी घाणा बंद, म्हणून लोक त्यांना 'शनवार तेली' म्हणू लागले. गावांवरून आडनावं पडली. दिव्याचे दिवेकर, पेणचे पेणकर, किहीमचे किहीमकर, रोह्याचे रोहेकर. नवसफेडीला किंवा शुभकार्याला ते 'मलिदा' करतात. पोहे, खोबरं, गूळ किंवा साखर आणि फळं घालून तबक सजवतात आणि एलियाहू हानाबी या प्रेषिताचं नाव घेतात. तबक बघितलं तर आपल्याकडच्याच एखाद्या पूजेचा प्रसाद वाटेल.

जसं खाणं मराठी झालं, तशी नावंही मराठी झाली. आपल्याकडे मान द्यायला नावापुढे 'जी' लागतो. शिवाजी, तानाजी, संभाजी. त्याच वळणावर हिब्रू नावं गेली. अब्राहमचा झाला आबाजी. शमुवेलचा सामाजी. यहेज्केलचा हसाजी. एलियाचा एलोजी. आणि रहामीमचा झाला रामाजी. घाण्यावर, बाजारात, सातबाऱ्यावर रामाजी, आणि प्रार्थनेला उभं राहिलं की रहामीम. शेजारच्यांना रामाजी म्हणजे रामाचं नाव वाटे, त्यांना त्यात आपला रहामीम ऐकू येई. कुणाचं काही अडलं नाही.

या समाजात प्रार्थनास्थळाला मराठीत मशीद म्हणायची पद्धत होती, म्हणून आजी 'मशिदीत' म्हणाल्या. मुंबईतली त्यांची पहिली मशीद मांडवी भागात १७९६ साली उभी राहिली. बांधली सामाजी हसाजी दिवेकर यांनी. बघा, नावातच दोन 'जी' आले. शमुवेल यहेज्केल हे त्यांचं मूळ नाव. ते ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेत अधिकारी होते. म्हैसूरच्या लढाईत ते टिपू सुलतानाच्या कैदेत सापडले. ते कसे सुटले याची एक आख्यायिका समाजात सांगतात. कैद्यांना जात विचारली, तेव्हा यांनी बेने इस्राएल असं सांगितलं. टिपूची आई ते ऐकत होती. हे नाव आपल्या कुराणात आहे, पण अशी माणसं मी अजून पाहिली नव्हती, यांना मारू नका, असं तिनं मुलाला सांगितलं. आणि ते वाचले. सुटलो तर देवाचं घर बांधीन, असं दिवेकर बोलले होते म्हणे. ते त्यांनी बांधलं.

लोक त्या जागेला 'जुनी मशीद' म्हणत. लोकलच्या मस्जिद स्टेशनचं नाव तिच्यावरूनच पडलं, असं अनेक जाणकार सांगतात. जवळच्या एका रस्त्याला सॅम्युअल स्ट्रीट हे नाव आहे, ते दिवेकरांचंच. पुढे १८९६ साली, बरोबर शंभर वर्षांनी, त्या मशिदीला हिब्रू नाव दिलं गेलं, 'शआर हारहामीम'. म्हणजे दयेचं दार. जेरुसलेम शहराच्या पूर्वेच्या तटबंदीत एक फार जुना दरवाजा आहे. शेकडो वर्षं तो चिणून बंद आहे. त्यालाही यहुदी लोक हेच नाव देतात. तिकडचं दयेचं दार बंद राहिलं आणि मांडवीतलं उघडलं. आख्यायिकेवर विश्वास ठेवा किंवा ठेवू नका, पण एका आईच्या शब्दानं सुटलेल्या माणसाच्या वास्तूला कुशीवरून आलेलं नाव मिळालं, हे मला फार बरोबर वाटतं.

याच समाजातल्या एका डॉक्टरबाईंचं नाव इथे घेतल्याशिवाय राहवत नाही. डॉक्टर जेरुशा झिराड. झिराड हे अलिबागजवळचं गाव, त्यावरून आडनाव. त्यांनी विलायतेत जाऊन बाळंतपणाचं आणि बायकांच्या आजारांचं मोठं शिक्षण घेतलं. मुंबईच्या कामा हॉस्पिटलच्या त्या प्रमुख होत्या. बाळंतपणात बायका का दगावतात, याचा त्यांनी पाठपुरावा केला. १९६६ साली त्यांना पद्मश्री मिळाली. रेहेम आणि रहामीम, कूस आणि दया, ही दोन्ही कामं त्यांनी एका जन्मात केली.

आता शेवटची एक गोष्ट, आणि ती मुलीच्या नावाची.

याच मुळावरून मुलीचंही नाव होतं, 'रुहामा'. जिच्यावर माया झाली ती. पण ग्रंथात ते पहिल्यांदा येतं ते उलटं होऊन. होशेय नावाचा एक प्रेषित होता. देशातल्या लोकांनी पाप केलं, आता देव यांच्यावर दया करणार नाही, हा इशारा द्यायला त्यानं आपल्या मुलीचं नाव ठेवलं 'लो-रुहामा'. हिब्रूत 'लो' म्हणजे नाही. जिच्यावर माया नाही ती. इशारा होता देशाला, पण नाव चिकटलं लेकीला. ती पोर अंगणात खेळत असेल आणि आई हाक मारत असेल, तेव्हा कशी वाटत असेल ती हाक?

हे आपल्याला वेगळं समजावून सांगायला नको. मुलीवर मुलगी झाली, पुन्हा मुलगी झाली, की आपल्याच गावांत नाव ठेवत आले, 'नकुशी'. नको असलेली. शाळेच्या पटावर, रेशनकार्डावर, लग्नपत्रिकेवर तेच. २०११ साली सातारा जिल्ह्यात प्रशासनानं अशा मुली शोधल्या आणि दोनशेहून जास्त मुलींची नावं कार्यक्रम घेऊन बदलली. मुलींनी स्वतःला आवडणारी नावं घेतली. होशेयच्या ग्रंथातही पुढे तसंच होतं. देवाचा राग ओसरतो आणि तो 'लो' काढून टाकायला सांगितलं जातं. आता आपल्या बहिणींना रुहामा म्हणा, असं येतं. एक अक्षर काढलं आणि पोरीचा अर्थ बदलला.

मैत्रिणींनो, नाव आपण एका दिवसात ठेवतो, पण माणूस ते जन्मभर ऐकतो. आणि कागदावरच्या नावासारखीच घरात तोंडी ठेवलेली नावंही असतात. मुलीला 'परक्याचं धन', मुलाला 'बायल्या'. तीही रोज ऐकू येतात. 'बायल्या' म्हणताना आपण पोराला दोन गोष्टी शिकवतो. एक, तुझ्यातली माया लपव. दोन, बाईसारखं असणं म्हणजे कमीपणा. हीच दोन वाक्यं घेऊन तो मोठा होतो, नवरा होतो, बाप होतो. मग तो बायकोच्या बाळंतपणाला दवाखान्यात थांबत नाही, म्हाताऱ्या आईजवळ बसत नाही, तेव्हा आपण म्हणतो, याला काही वाटतच नाही. वाटत होतं. लहानपणी आपणच ते बंद केलं.

या महिन्यात त्या ताईच्या गावात पुन्हा बैठक होती. मी तिला योसेफची गोष्ट सांगितली आणि रहामीम या नावाचा अर्थ सांगितला. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "म्हणजे रडून झाल्यावर तोंड धुऊन बाहेर आला आणि जेवण वाढा म्हणाला. आमचा पण दुसऱ्या दिवशी शाळेत गेला, आणि परत येऊन दुसऱ्या करडाला पाला घातला." मी म्हटलं, मग झालं तर. तुझा पोरगा टिकणार.

पुढच्या बैठकीत एक करा. हप्ते झाले की प्रत्येकीनं आपलं नाव कुणी ठेवलं आणि त्याचा अर्थ काय, हे सांगायचं. एखादी नकुशी तुमच्यात बसलेली असेल तर तिला विचारा, तुला काय म्हणून हाक मारू? ती सांगेल ते नाव गटाच्या वहीत लिहा. आधार कार्डावर, बँकेच्या खात्यावर नाव बदलायचं असेल, तर त्यासाठी राजपत्रात नाव बदलाची नोंद करावी लागते. ते कसं करायचं हे तुमच्या गटाच्या समन्वयक ताईला विचारा, ती मदत करेल.

आज इथेच थांबते. पुन्हा भेटू. नमस्कार.